सिट्रोएन एच व्हॅन

सिट्रोएन एच ही सिट्रोएन या फ्रेंच कंपनीची हलकी मालवाहू व्हॅन. दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४७ साली, ती पॅरिसच्या मोटार प्रदर्शनात मांडली गेली आणि १९८१पर्यंत बनत राहिली. या काळात सुमारे ४,७३,००० गाड्या तयार झाल्या. आंद्रे लफेव्र यांच्या गटाने तिची रचना केली; बाह्यांगाचे काम पिएर फ्रांशिझे यांच्याकडे होते.

ही गाडी दुरूनही ओळखू येते ती पन्हळी पत्र्यामुळे. पातळ सपाट पत्रा थोड्या दाबानेही वाकतो. पण त्याला ओळीने पन्हळी पाडल्या की वजन न वाढता तोच पत्रा ताठ होतो. घराच्या छपरावरचा पत्रा माणसाचे वजन पेलतो तो याच गुणावर. पन्हळी ज्या दिशेने जातात तिच्या आडव्या दिशेला मात्र पत्रा दुबळाच राहतो, म्हणून आतून काटकोनात पोकळ पट्ट्या जोडून तो कस भरून काढला होता. ही कल्पना जर्मनीच्या युंकर्स विमानांवरून आली. सपाट भागांना साधे, स्वस्त साचे पुरत आणि वळणदार पत्रा घडवण्याचा खर्च वाचे. युद्धाने पोळलेल्या देशात हे फार मोलाचे होते. या गाडीचा दणकटपणा जाड लोखंडातून आलेला नाही, हेच तिचे मोठेपण.

वेगळी चासी, म्हणजे खालची स्वतंत्र चौकट, नव्हती. तळ आणि बाह्यांग मिळून एकच सांगाडा होता. इंजिन पुढे आणि ओढही पुढच्याच चाकांना. इंजिनाची ओढ मागच्या चाकांपर्यंत पोचवणारा दांडा न्यावा लागत नसल्याने तळ सपाट आणि जमिनीलगत राहिला. घोडा उभा राहिला तरी तो पेलत असे, आणि माणसाला आत ताठ उभे राहता येई. भाजी, मांस, पाव विकणाऱ्यांना गाडी हेच दुकान करता आले ते त्यामुळे. मागे वर उचलण्याचे झाकण, त्याखाली दोन दारे. इंजिन, गिअरबॉक्स हे बरेचसे सिट्रोएनच्याच ट्रॅक्सिओं आव्हां मोटारीतून घेतलेले होते.

वेग बेताचाच होता. पोलीस, अग्निशमन दल आणि रुग्णवाहिका सेवांनीही ती वापरली. १९६४ साली दुभागलेल्या पुढच्या काचेऐवजी सलग काच आली. पन्हळी बाह्यांग मात्र शेवटपर्यंत टिकले. आज युरोपात अनेक जुन्या एच गाड्या दुरुस्त करून फिरत्या खाद्यगाड्या म्हणून चालवल्या जातात.