ट्रॅप म्हणजे बेसाल्टच ना? थोडं थांबा

एका किल्ल्याच्या पायथ्याशी लावलेल्या माहितीफलकावर मी एकदा वाचलं होतं, 'हा डोंगर दख्खनच्या सापळ्यात तयार झाला आहे.' कुणीतरी इंग्रजी मजकूर मराठीत आणताना 'डेक्कन ट्रॅप'मधल्या ट्रॅपचा सरळ सापळा करून टाकला होता. त्याला तरी काय बोल लावायचा? आपल्याकडे ट्रॅप म्हटलं की लाचलुचपतवाले लावतात तोच आठवतो.

या ट्रॅपचा सापळ्याशी काडीचाही संबंध नाही. स्वीडिश भाषेत 'त्राप्पा' म्हणजे जिना. अठराव्या शतकात तिकडच्या दगड-खनिजांच्या जाणकारांनी पायरी-पायरीने चढत जाणाऱ्या काळपट खडकांना हे नाव दिलं. पुढे ते इंग्रजीत गेलं, आणि 1830 च्या दशकात कर्नल विल्यम साइक्स या कंपनी सरकारच्या अधिकाऱ्याने दख्खनच्या भूगर्भावर लिहिताना ते आपल्या डोंगरांना चिकटवलं. ते कायमचंच.

सापळ्याचा घोटाळा निदान लगेच लक्षात तरी येतो. दुसरा घोटाळा जास्त मुरलेला आहे आणि तो शिकल्यासवरल्या माणसांकडूनही होतो. तो म्हणजे ट्रॅप आणि बेसाल्ट हे दोन शब्द एकमेकांच्या जागी खुशाल वापरणं. 'महाराष्ट्राचा खडक कोणता?' या शाळेतल्या प्रश्नाला कुणी ट्रॅप लिहितो, कुणी बेसाल्ट, आणि गुरुजी दोघांनाही गुण देतात. शाळेपुरतं ठीक आहे. विहीर खणायची वेळ आली की मात्र या दोन शब्दांतला फरक खिशाला जाणवतो. माझा बराच काळ विहिरींच्या जागा पाहण्यात गेला, म्हणून हे तळमळीने सांगतो.

आधी बेसाल्ट, कारण तो सोपा आहे. बेसाल्ट हे खडकाचं नाव आहे, जसं ज्वारी हे धान्याचं नाव. तुमच्या हातातला तुकडा बेसाल्ट आहे की नाही, हे तो कुठून आणला ते न विचारताही ठरवता येतं. लाव्हा जमिनीवर येऊन भराभर निवला की त्यातल्या खनिजांना मोठे स्फटिक व्हायला सवड मिळत नाही. म्हणून बेसाल्टचा पोत बारीक, नुसत्या डोळ्यांना कण वेगळे न दिसणारा. त्यात मुख्यतः दोन खनिजं असतात, प्लॅजिओक्लेज फेल्डस्पार आणि पायरॉक्सीन, आणि सिलिकेचं प्रमाण साधारण 45 ते 52 टक्के. लोह-मॅग्नेशियम भरपूर, म्हणून रंग काळा-करडा आणि हाताला वजनदार. ताजा, निबर तुकडा हातोडीने ठोका, धातूसारखा टणटण वाजतो. जुना झालेला ठोका, बद्द आवाज येतो. रस्ता रुंद करताना कापलेल्या डोंगरात बघा, तिथे कुजत चाललेल्या बेसाल्टचे गोल गोटे दिसतात आणि त्यांचे पापुद्रे कांद्यासारखे सुटत असतात. त्याचाच पुढे मुरूम होतो आणि मुरमाची काळी माती.

आता ट्रॅप. ट्रॅप हे मुळात खडकाच्या घटकांवरून पडलेलं नाव नाही, ते दिसण्यावरून पडलेलं नाव आहे. माळशेजच्या घाटात एखाद्या वळणावर थांबा आणि समोरच्या डोंगराकडे पाहा. उभा कडा, मग थोडी उतरण आणि झाडी, पुन्हा उभा कडा, पुन्हा उतरण. कुणी पट्टी धरून आडव्या रेघा मारल्यासारखा डोंगर. या रेघा म्हणजे लाव्ह्याचे एकावर एक पसरलेले थर. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी इथे एखादा टोकदार ज्वालामुखी फुटत नव्हता. जमिनीला लांबलचक भेगा पडून त्यांतून पातळ लाव्हा पुन्हा पुन्हा बाहेर येत होता आणि पसरत होता. एक थर निवायचा, मध्ये बराच काळ जायचा, मग दुसरा थर. असे थर साचून सह्याद्रीत त्यांची एकूण जाडी दोन किलोमीटरच्या वर गेली. आज उरलेला पसारासुद्धा सुमारे 5 लाख चौरस किलोमीटरचा आहे.

प्रत्येक थराचा मधला भाग घट्ट असतो. तो झिजत नाही, त्याचा कडा होतो. वरच्या भागात लाव्ह्यातल्या वायूचे बुडबुडे अडकलेले असतात, तो भाग पोकळ, ठिसूळ, लवकर झिजणारा. त्याची उतरण किंवा सपाटी होते. किल्ले बांधणाऱ्यांनी हे भूगर्भशास्त्र न शिकता ओळखलं होतं. राजगडावर सुवेळा, पद्मावती, संजीवनी या माच्या जिथे आहेत ती त्या जिन्याची एक पायरी, आणि बालेकिल्ला त्यावरची दुसरी. तासून उभा केल्यासारखा जो कडा आपण बघतो, तो कुणी तासलेला नाही. ट्रॅप या शब्दाला मराठी पर्याय शोधायचाच झाला तर सापळ्यापेक्षा 'माची-कडा' कितीतरी जवळचा ठरेल. पण पर्याय काढण्याच्या भानगडीत आता कशाला पडा, ट्रॅप आपल्या जिभेवर रुळला आहे.

तर, बेसाल्ट हा दगड आणि ट्रॅप ही त्या दगडाच्या थरांची अख्खी रास, असं म्हणून थांबता आलं असतं. तेवढ्यावर भागत नाही. कारण ट्रॅपच्या राशीतलं सगळंच बेसाल्ट नसतं.

याचा पुरावा मुंबईत, काळा घोड्याजवळ उभा आहे. छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाची इमारत दोन दगडांची आहे. एक कुर्ल्याचा करडा दगड, तो बेसाल्ट. दुसरा पिवळसर, मालाडचा दगड, तो ट्रॅकाइट. ट्रॅकाइटमध्ये सिलिका जास्त, लोह कमी, म्हणून रंग उजळ. दोन्ही दगड त्याच मुंबईतले, दोन्ही डेक्कन ट्रॅपमधलेच. म्हणजे मालाडचा दगड ट्रॅपमधला आहे, पण बेसाल्ट नाही. पुढच्या वेळी तिथे गेलात तर आत मूर्ती बघण्याआधी पाच मिनिटं बाहेरच्या भिंतीला द्या. गुजरातेत पावागडाच्या माथ्याकडे रायोलाइट आहे, तोही बेसाल्ट नव्हे, आणि तोही ट्रॅपच्याच कुटुंबातला. नंदुरबार-धुळ्याकडे शेतांमधून मैलोन्‌मैल सरळ रेषेत धावणाऱ्या काळ्या दगडांच्या भिंती दिसतात. लाव्हा भेगेतून वर येता येता आतच थिजला, आणि आजूबाजूचा खडक झिजल्यावर भिंत उघडी पडली. तो बहुतेक डोलेराइट. घटक बेसाल्टचेच, पण सावकाश निवल्यामुळे कण जरा मोठे.

आणि ट्रॅपमध्ये दगडाशिवायही काय काय आहे! दोन थरांच्या मधल्या निवांत काळात जमिनीवर तळी साचत होती, गवत-झाडं उगवत होती. तो गाळ पुढच्या लाव्ह्याखाली दबला. वरळीच्या टेकडीत अशाच एका थरात छोट्या बेडकांचे अवशेष सापडले आणि 1847 मध्ये रिचर्ड ओवेन या इंग्रज शास्त्रज्ञाने त्यांचं वर्णन प्रसिद्ध केलं. लाव्ह्याच्या दोन पुरांमध्ये वरळीत बेडूक डरांव डरांव करत होते, ही कल्पना मला अजून गंमतशीर वाटते. त्या गाळाच्या थराला आंतरट्रॅपी थर म्हणतात. आंतरबेसाल्टी कुणी म्हणत नाही, आणि ते योग्यच आहे. जिन्याच्या दोन पायऱ्यांमधली ती फट आहे.

उलट बाजूने पाहिलं तर जगातला बहुतेक बेसाल्ट ट्रॅप नाहीच. महासागरांचा तळ बेसाल्टचा आहे. आइसलँड, हवाई इथे आजही बेसाल्ट तयार होतो. चंद्रावर जे काळे डाग आपल्याला सशासारखे दिसतात, तीही बेसाल्टची मैदानं आहेत. यांपैकी कशालाच ट्रॅप म्हणायची पद्धत नाही. ट्रॅप हा शब्द जुन्या, प्रचंड पसरलेल्या, थरांच्या खडकांसाठी राखलेला आहे: रशियातले सुमारे 25.2 कोटी वर्षांपूर्वीचे सायबेरियन ट्रॅप, चीनमधले एमेइशान ट्रॅप, आपल्याकडचे झारखंडातले राजमहाल ट्रॅप. राजमहालचे ट्रॅप डेक्कनपेक्षा बरेच जुने, हे आपण दख्खनवाले सोयीस्करपणे विसरतो.

वयावरून नाव देण्याचा एक प्रयोग युरोपात होऊनही गेला. एकोणिसाव्या शतकात जर्मन अभ्यासक जुन्या काळातल्या बेसाल्टला मेलाफायर म्हणत आणि अलीकडच्या काळातल्याला बेसाल्ट. दगड तोच, घटक तेच, फक्त जन्मतारीख वेगळी. ही पद्धत पुढे मोडीत निघाली, कारण हातातल्या तुकड्याकडे पाहून त्याचं वय सांगता येत नाही. आजोबांना आणि नातवाला वेगळी आडनावं देण्यासारखंच ते.

बेसाल्ट पाण्यात साचून झाला की आगीतून निघाला, यावरही त्याआधी, अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात कडाक्याचं भांडण चालू होतं. जर्मनीतल्या फ्रायबर्गचे खनिजांचे जाणकार वेर्नर पाण्याच्या बाजूचे. फ्रान्समध्ये ओव्हेर्न्यच्या डोंगरात निकोला देमारेस्त बेसाल्टचे खांब मागे शोधत शोधत विझलेल्या ज्वालामुखीच्या तोंडाशी पोहोचला, आणि हळूहळू आगीची बाजू जिंकली. मुंबईत अंधेरीची गिल्बर्ट हिल बघितली की तसलेच खांब दिसतात, सुमारे 60 मीटर उंच, आता इमारतींनी वेढलेले.

ठेकेदारांच्या जगात ट्रॅपला आणखी एक, सैल अर्थ आहे. बांधकामाच्या निविदेत 'ट्रॅप मेटल' लिहिलेलं असतं तेव्हा त्याचा अर्थ फक्त 'काळी खडी, घट्ट दगडाची.' तिथे कुणी प्लॅजिओक्लेज मोजत बसत नाही. अमेरिकेतही खडीच्या धंद्यात 'ट्रॅप रॉक' म्हणतात, आणि न्यू जर्सीतल्या हडसन नदीकाठच्या पॅलिसेड्सचा असा ट्रॅप रॉक प्रत्यक्षात डोलेराइट आहे. हा वापर चुकीचा म्हणून नाक मुरडण्यात अर्थ नाही. खाणीवरच्या माणसाला काळा, टणक, रस्त्यात दबून न फुटणारा दगड हवा असतो, आणि तेवढं काम हा शब्द करतो. मात्र किचन ओट्याच्या दुकानातला 'काळा ग्रॅनाइट' हा यातला भलताच प्रकार. तो बहुतेक वेळा डोलेराइट किंवा गॅब्रो असतो, ग्रॅनाइट नसतोच. तो विषय पुन्हा कधीतरी.

आता विहिरीकडे. महाराष्ट्राचा सुमारे 80 टक्के भाग या खडकाने झाकलेला आहे. शेतकरी विचारतो, 'दादा, खाली बेसाल्ट लागेल ना?' लागेलच. पण या उत्तराचा त्याला उपयोग शून्य, कारण बेसाल्टमध्ये पाणी असतंही आणि नसतंही. पाण्याचा हिशोब बेसाल्टवर नाही, ट्रॅपवर चालतो. आपण जिन्याच्या कुठल्या पायरीवर उभे आहोत, पायाखाली थराचा पोकळ माथा आहे की घट्ट पोट, हे विचारायचं. पोकळ भागाला आपल्याकडे मांजऱ्या म्हणतात. त्यातल्या बुडबुड्यांच्या जागी पांढरी, गुलाबी, हिरवट खनिजं भरलेली असतात. त्यांतल्या बऱ्याचशांना झिओलाइट म्हणतात. पुण्याजवळ वाघोलीच्या खाणीतलं निळंशार कॅव्हनसाइट हे खनिज अशाच पोकळ्यांतून निघतं आणि जगभरचे संग्राहक त्याच्यावर जीव टाकतात. शेतकऱ्याला त्या निळाईशी देणंघेणं नाही. मांजऱ्या कुजलेला, भेगाळलेला असेल तर त्यात पाणी मुरतं आणि साठतं. खालच्या काळ्या पाषाणाला भेगा नसतील तर तिथे कितीही फूट खाली जा, धूळच वर येते.

दोन थरांच्या मध्ये अनेकदा लाल मातकट पट्टा लागतो, आधीच्या थराचा माथा कुजून भाजलेला. तो पाणी खाली जाऊ देत नाही, आणि बोअर मारताना ढासळतो. केसिंग पाइप तिथे टाकला नाही तर चांगली लागलेली बोअरही महिन्याभरात बसते.

बोअरच्या गाडीवरचा पोरगा वहीत कधी बेसाल्ट लिहीत नाही. एका गावातल्या वहीतल्या ओळी मी उतरवून घेतल्या होत्या: माती 4 फूट, मुरूम 18, काळा 60, लाल 5, मांजऱ्या 20, पाणी दीड इंच, पुन्हा काळा. भूगर्भशास्त्राचा एकही शब्द नाही, पण जिन्याची प्रत्येक पायरी जिथल्या तिथे. शेतकऱ्याने मला विचारलं, 'आणखी शंभर फूट मारू का?' मी वही पुढे केली आणि म्हटलं, 'खालच्या काळ्यानंतर पुन्हा लाल लागला तर मारा, कारण लालच्या खाली पुढचा मांजऱ्या सापडू शकतो. नाही लागला तर पैसे वाचवा.' त्याने गाडी थांबवली.