गाजर खाऊन पायलटना रात्री विमानं दिसायची?

दर हिवाळ्यात हा मेसेज फिरतो: दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश पायलट गाजरं खायचे म्हणून त्यांना अंधारात जर्मन बॉम्बर दिसायचे, तुम्हीही खा, चष्मा जाईल.

गोष्ट पटते, कारण ती तेव्हा खरोखरच ब्रिटिश पेपरांत छापून आली होती. पण 1940 च्या शेवटी लंडनवर रात्री बॉम्ब पडत होते तेव्हा ब्रिटिशांच्या ब्यूफायटर विमानांत रडार बसलं होतं आणि ते गुपित होतं, मग रात्री विमानं पाडल्याचं कारण लोकांना काहीतरी सांगायला हवं ना, शिवाय साखरेला रेशन आणि गाजर मात्र घरच्या मातीत भरपूर, म्हणजे एका दगडात दोन पक्षी.

पडताळायचं असेल तर त्या विमानाचे जुने फोटो बघा, नाकावर बाणासारखी ॲन्टेना दिसेल. आत दोघं असायचे, मागचा माणूस दोन छोट्या गोल स्क्रीनवर बघून "डावीकडे, थोडं वर" असं सांगत राहायचा आणि पायलट त्याप्रमाणे अगदी जवळ जायचा, शेवटचं बघणं तेवढं डोळ्यांनी.

आता गाजर. त्यातल्या बीटा कॅरोटीनपासून शरीर व्हिटॅमिन ए बनवतं, ते फार कमी पडलं तर रातांधळेपणा येतो आणि कमतरता भरून निघाली की तो जातो, इतपत खरं आहे. पण ज्याला कमतरता नाही त्याची नजर जास्तीच्या गाजराने वाढत नाही, चष्म्याचा नंबर तर बुबुळाच्या आणि डोळ्याच्या आकारामुळे असतो. खूपच खाल्लीत तर तळहात पिवळे होतील. हलवा चवीसाठी खा की, कोण नको म्हणतंय!