गोड्या पाण्यातील मृदुकाय प्राणी

नद्या, ओढे, तळी, झरे आणि जमिनीखालचे पाणी यांत राहणाऱ्या शिंपल्यांचा व शंखधारी गोगलगायींचा हा समूह. मृदुकाय संघात बरेच वर्ग आहेत, पण समुद्र सोडून गोड्या पाण्यात घर करणे दोनच वर्गांना जमले: उदरपाद म्हणजे गोगलगायी आणि द्विपुट म्हणजे शिंपले. एवढे हुशार समजले जाणारे माकूळ आणि ऑक्टोपस यांना ते कधीच साधले नाही. यात अडचणी दोन होत्या. गोड्या पाण्यात शरीरातले क्षार बाहेर झिरपत राहतात आणि पाणी आत शिरत राहते, त्याचा बंदोबस्त करावा लागतो. दुसरी अडचण पिल्लांची. समुद्रातल्या कित्येक मृदुकायांची डिंभके (प्रौढाचे रूप न आलेली कोवळी पिल्ले) लाटांवर सोडून दिलेली असतात. नदीत तसे केले तर सगळी संतती प्रवाहाबरोबर वाहून जाणार. या दुसऱ्या अडचणीवर शिंपल्यांनी शोधलेली वाट हा या समूहाचा सर्वांत नवलाचा भाग आहे. आज त्यांच्यावर ओढवलेल्या संकटाचे मूळही पुष्कळसे तिथेच आहे.

गोड्या पाण्यातील उदरपादांच्या सुमारे ४,००० आणि द्विपुटांच्या सुमारे १,२०० जाती वर्णिल्या गेल्या आहेत. पृथ्वीच्या पृष्ठभागाचा १ टक्क्याहूनही कमी भाग गोड्या पाण्याने व्यापला आहे हे लक्षात घेतले, तर ही संख्या लहान नाही.

गोगलगायी

यांचे ढोबळ दोन गट. एक कल्ल्यांनी श्वास घेणारा. त्यातल्या प्राण्यांना शंखाचे तोंड बंद करणारे झाकण (प्रच्छद) असते. दुसरा फुप्फुसासारख्या पिशवीत हवा भरून घेणारा. त्यांना झाकण नसते आणि हवेसाठी ते पृष्ठभागावर येतात. पोमेसिया प्रजातीच्या (प्रजाती म्हणजे जवळच्या जातींचा गट) सफरचंदी गोगलगायी दोन्ही दगडांवर पाय ठेवून आहेत, त्यांना कल्लेही असतात आणि फुप्फुसही. तळ्यातला शंख हाती लागला तर टोक वर आणि तोंड आपल्याकडे करून धरावा. तोंड उजव्या बाजूला उघडत असेल तर तो बहुसंख्यांपैकी. डाव्या बाजूला उघडत असेल, शंख पातळ, चकचकीत असेल आणि झाकण नसेल, तर बहुधा फायसा या गोगलगायीच्या कुलातला.

गोगलगायींची खरी श्रीमंती जुन्या सरोवरांत आणि झऱ्यांत आहे. सायबेरियातले बैकल आणि बाल्कनमधले ओह्रिड या सरोवरांत, इंडोनेशियाच्या सुलावेसी बेटावरच्या तळ्यांत अन्यत्र कुठेही न सापडणाऱ्या जाती उत्क्रांत झाल्या. आफ्रिकेतल्या टांगानिका सरोवरातून स्पेक या ब्रिटिश प्रवाशाने १८५८ मध्ये आणलेले शंख इतके जाड आणि नक्षीदार होते, की हे सरोवर एके काळी समुद्राला जोडलेले असावे असा तर्क पुढे लढवला गेला. तो चुकीचा निघाला. शंख खेकड्यांच्या नांग्यांपुढे टिकाव धरण्यासाठी जाड झाले असावेत, असे आता मानले जाते. झऱ्यांतल्या गोगलगायी याच्या अगदी उलट: दोन-तीन मिलिमीटरच्या, दिसायला एकसारख्या. त्यांतल्या कित्येक जातींचे सारे जग म्हणजे एक झरा किंवा शेजारशेजारचे दोन-चार झरे. असा झरा पंपाने आटवला की एक जात संपली, त्यासाठी आणखी काही करावे लागत नाही.

पश्चिम घाटातल्या क्रेम्नोकॉन्कसचा मासला वेगळाच. त्याचे सारे भाऊबंद समुद्रकाठच्या खडकांवर राहणारे. हा मात्र डोंगरकड्यांवर, धबधब्यांच्या तुषारांनी ओल्या राहणाऱ्या दगडांना चिकटून जगतो.

शिंपले

द्विपुटांतले सर्वांत लहान म्हणजे वाटाण्याएवढे किंवा त्याहूनही छोटे वाटाणा-शिंपले. त्यांची पिल्ले आईच्या कल्ल्यांतच वाढतात आणि पूर्ण शिंपला होऊनच बाहेर पडतात. पक्ष्यांच्या आणि कीटकांच्या पायांना चिकटून ते एका तळ्यातून दुसऱ्यात जातात. डार्विनने १८८२ च्या एप्रिलमध्ये, मृत्यूच्या जेमतेम दोन आठवडे आधी, एका पाणभुंग्याच्या पायाला घट्ट धरून बसलेल्या चिमुकल्या शिंपल्यावर टिपण छापले होते. तो भुंगा त्याला पाठवणारे गृहस्थ वॉल्टर क्रिक. डीएनएची रचना उलगडणाऱ्या फ्रान्सिस क्रिकचे हे आजोबा.

मोठे मोत्याळ शिंपले युनिओनिडा या गणातले. पाण्यात वाकून पाहिले तरी ते सहसा ओळखू येत नाहीत, कारण सारा देह वाळूत गाडलेला असतो. वर दिसतात फक्त शेजारशेजारच्या दोन फटी, एकीला बारीक झालर, दुसरी गुळगुळीत. झालरीच्या फटीतून पाणी आत जाते, कल्ल्यांवर गाळले जाते आणि गुळगुळीत फटीतून बाहेर येते. सावली पडली की दोन्ही फटी मिटतात, आणि तळाला नुसती वाळू उरते. मोठा शिंपला दिवसाकाठी ४० लिटरच्या आसपास पाणी गाळू शकतो. गाळलेल्यातले खाण्याजोगे तो पचवतो, बाकीचे श्लेष्मात गुंडाळून तळाला टाकतो, आणि त्यावर कीटकांच्या अळ्या पोसल्या जातात. शिंपल्यांनी भरलेला तळ म्हणजे नदीची गाळणीही आणि खतही.

याच गणात खडकाला ऑयस्टरसारखे कायमचे चिकटून बसणारे काही शिंपले आहेत. आफ्रिकेत एथेरिया, दक्षिण अमेरिकेत अकोस्टिया आणि पश्चिम घाटातल्या नद्यांत स्यूडोम्युलेरिया. तीन खंडांत विखुरलेल्या या मंडळींचे परस्परांशी नाते काय, यावर बरीच शाई खर्ची पडली आहे.

माशाच्या कल्ल्यावरचे बालपण

युनिओनिडा गणातल्या बहुतेक शिंपल्यांचे डिंभक माशाच्या कल्ल्यांना किंवा परांना चिकटून काही काळ परजीवी म्हणून जगते. बऱ्याच कुलांत या डिंभकाला ग्लोचिडियम म्हणतात. राथके या शास्त्रज्ञाला १७९७ मध्ये शिंपल्याच्या कल्ल्यांत असे इवले जीव दिसले, तेव्हा हा शिंपल्याला छळणारा वेगळाच परजीवी आहे असे समजून त्याने त्याला ‘ग्लोचिडियम पॅरासिटिकम’ असे नाव दिले. ती शिंपल्याचीच लेकरे होती. नाव मात्र चिकटले ते चिकटलेच.

मासा पिल्लाला फुकट गाडी पुरवतो आणि तीही प्रवाहाच्या वरच्या दिशेने. पण कुठलाही मासा चालत नाही. कित्येक जातींना एक-दोनच पोशिंदे मासे चालतात; इतरांचे शरीर डिंभक झटकून टाकते. म्हणून माशाला गाठण्यासाठी शिंपल्यांनी नाना युक्त्या केल्या. उत्तर अमेरिकेतल्या लॅम्पसिलिसची मादी आपल्या प्रावाराची (कवचाआतल्या मांसल पडद्याची) कड कवचाबाहेर काढून हलवते. तिला डोळ्यासारखा ठिपका असतो, शेपटी असते, आणि ती पोहणाऱ्या मासोळीसारखीच वळवळते. मोठा मासा तिच्यावर झडप घालतो आणि तोंडभर डिंभके घेऊन परततो. एपिओब्लाझ्मा प्रजातीतले काही शिंपले त्याहून निर्दय. जवळ आलेल्या माशाचे डोके ते कवचाच्या दातेरी कडांत पकडतात, डिंभके त्याच्या कल्ल्यांत सोडतात आणि मगच त्याला जाऊ देतात. लॉगपर्च या माशाची कवटी टणक, त्याला हे सोसते. नाजूक डोक्याच्या माशांचा यात जीव जातो. या शिंपल्याला डोळे नाहीत आणि मेंदू म्हणावा असेही काही नाही, हे इथे मुद्दाम सांगायला हवे.

ऱ्हास

इ. स. १५०० पासून प्राण्यांच्या ज्या ६९३ जाती नष्ट झाल्याची नोंद २००४ पर्यंत झाली होती, त्यांतल्या २९१ म्हणजे ४२ टक्के मृदुकाय होत्या, आणि त्यांतल्या जवळजवळ सगळ्या जमिनीवरच्या किंवा गोड्या पाण्यातल्या. वाघ-पांड्यांच्या यादीपुढे ही यादी कुणी फारशी वाचत नाही. युरोपातल्या गोड्या पाण्यातील मृदुकायांचे २०११ मध्ये मूल्यमापन झाले, तेव्हा ४४ टक्के जाती धोक्यात आढळल्या. अमेरिकेने २०२३ मध्ये २१ जाती नामशेष झाल्याचे जाहीर करून संरक्षित यादीतून वगळल्या. त्यांत ८ शिंपले होते.

माणसाने आधी शिंपले थेट ओरबाडले. जॉन बेपल या जर्मन कारागिराने १८९१ मध्ये मिसिसिपीकाठच्या मस्कटीन गावी शिंपल्यांपासून बटणे कापण्याचा कारखाना काढला. पाहता पाहता ते गाव ‘मोत्याच्या बटणांची राजधानी’ झाले, आणि काठाकाठाने गोल भोकांच्या शिंपल्यांचे ढीग उभे राहिले. काही वर्षांतच शिंपले कमी पडू लागले, तेव्हा सरकारने शेजारच्या फेअरपोर्टला शिंपल्यांच्या पैदाशीसाठी केंद्र उभारले. आज पैदास केंद्रांत वापरली जाणारी, माशांच्या कल्ल्यांवर डिंभके चढवण्याची पद्धत त्याच काळात बसली. बेपल पुढे शिंपल्यांच्या सरकारी कामात शिरला आणि एका शिंपल्यानेच पाय कापून झालेल्या विषबाधेने १९१२ मध्ये वारला.

बटणांचा धंदा प्लॅस्टिकने संपवला. धरणे राहिली, आणि खरे नुकसान त्यांनी केले. टेनेसी नदीवरच्या मसल शोल्सच्या उथळ, खळाळत्या पात्रात शिंपल्यांच्या ७० च्या आसपास जाती होत्या. १९२४ मध्ये विल्सन धरण पूर्ण झाले आणि त्या पात्राचा मोठा भाग खोल, संथ पाण्याखाली गेला. अलाबामातल्या कूसा नदीवर १९१४ ते १९६७ या काळात एकामागून एक धरणे झाली आणि तिथल्या गोगलगायींच्या तीसहून अधिक जाती नाहीशा झाल्या. जायरोटोमा ही अख्खी प्रजातीच गेली. आधुनिक काळात एका नदीत एवढ्या जाती गेल्याचे उदाहरण विरळाच.

धरणाचा दुसरा घाव दिसत नाही. मिसिसिपीवर कीओकक येथे १९१३ मध्ये धरण झाले. बटणवाल्यांचा लाडका ‘एबनीशेल’ हा जाड काळा शिंपला स्किपजॅक हेरिंग या एकाच स्थलांतरी माशावर वाढतो. धरणाने तो मासा अडला. धरणाच्या वरचे शिंपले मेले नाहीत. ते पुढे कित्येक दशके पाणी गाळत, डिंभके सोडत राहिले, आणि एकही पिल्लू तगले नाही. शिंपले मोजणाऱ्याची सर्वांत मोठी फसगत इथे होते. जाडजूड झालेले, कवचाचा माथा आम्लपाण्याने खाल्ला गेलेले शेकडो म्हातारे शिंपले तळाला दिसतात, आणि वस्ती भरभराटीत आहे अशी नोंद होते. म्हणून जाणते सर्वेक्षक आधी नखाएवढी पिल्ले शोधतात. ती न सापडली तर ती वस्ती जिवंत दिसत असली तरी वांझ आहे.

बाकीची कारणे ओळखीची आहेत: गाळ, सांडपाणी, शेतातून येणारे नायट्रोजन, वाळूउपसा. शिंपल्यांची पिल्ले अमोनियाला इतर जलचरांपेक्षा इतकी नाजूक ठरली, की अमेरिकेला २०१३ मध्ये गोड्या पाण्यातल्या अमोनियाचे निकष त्यांच्यासाठी कडक करावे लागले. माशांवर चाचणी करून ठरवलेली ‘सुरक्षित’ पातळी शिंपल्यांना सुरक्षित नव्हती. परक्या जातींचा उपद्रव मृदुकायांकडूनच मृदुकायांना आहे. काळ्या आणि कॅस्पियन समुद्राच्या परिसरातला झेब्रा शिंपला जहाजांच्या तोलपाण्यातून (तोल राखायला जहाजात भरलेल्या पाण्यातून) उत्तर अमेरिकेच्या महासरोवरांत पोहोचला. १९८८ मध्ये तो सेंट क्लेअर सरोवरात आढळला. तो स्थानिक शिंपल्यांच्या पाठीवर थरांनी चिकटतो, त्यांना तोंड उघडता येत नाही की मिटता येत नाही.

नावांचा घोळही संवर्धनाच्या वाटेत येतो. शिंपल्याचे कवच पाण्याप्रमाणे, तळाप्रमाणे आकार बदलते. एकोणिसाव्या शतकात फ्रान्समधल्या बूर्गिन्या या शंखतज्ज्ञाच्या संप्रदायाने प्रत्येक आकाराला नवे नाव देण्याचा सपाटा लावला आणि एकेका जातीला शेकडो नावे पडली. आता डीएनए उलटा धडा देतो: एक समजलेल्या शिंपल्यात तीन-तीन जाती दडलेल्या निघतात. संरक्षण नक्की कशाला द्यायचे, हा प्रश्न कायद्याआधी वर्गीकरणात सोडवावा लागतो.

संवर्धन

गोगलगायींबाबत माणसाचे मन दुभंगलेले आहे, आणि त्याला कारण आहे. बायोम्फालेरिया, ब्युलिनस व ऑन्कोमेलेनिया या प्रजाती शिस्टोसोमियासिस या रोगाच्या कृमींना आसरा देतात. २० कोटींहून अधिक लोकांना या रोगावर प्रतिबंधक औषध द्यावे लागते. त्यासाठी पाण्यात सोडलेले गोगलगायनाशक मात्र रोग पसरवणारी आणि निरुपद्रवी यांत फरक करत नाही.

सर्वांत स्वस्त उपाय पाणी सोडण्याचा. कूसा नदीतली ट्युलोटोमा ही गाठीगाठींच्या शंखाची गोगलगाय संपली असेच धरले होते. १९८८ मध्ये ती पुन्हा सापडली. जॉर्डन धरणाखाली १९९० पासून किमान प्रवाह ठेवला जाऊ लागला, तिची संख्या वाढली आणि २०११ मध्ये तिचा दर्जा ‘संकटग्रस्त’वरून एक पायरी सौम्य करण्यात आला. अलाबामातल्याच कहाबा नदीत लेप्टॉक्सिस कॉम्पॅक्टा ही नामशेष ठरवलेली गोगलगाय २०११ मध्ये एका विद्यार्थ्याला सापडली. असे सुखद अपघात घडतात, पण त्यांच्या भरवशावर बसता येत नाही.

शिंपल्यांसाठी पैदास केंद्रे आहेत. डिंभके माशांच्या कल्ल्यांवर चढवायची, मासे टाक्यांत ठेवायचे, गळून पडणारी मोहरीपेक्षा बारीक पिल्ले चाळणीत गोळा करायची आणि वाढली की नदीत सोडायची. युरोपातल्या मार्गारिटिफेरा मार्गारिटिफेरा या मोत्याच्या शिंपल्यासाठी असे प्रयत्न कित्येक देशांत चालू आहेत. स्कॉटलंडमध्ये १९९८ पासून तो मारणे वा पकडणे हा गुन्हा आहे. हा शिंपला शंभर वर्षांहून अधिक जगतो. एक मादी एका हंगामात काही दशलक्ष डिंभके सोडते. त्यांतली मूठभर सॅमन वा ट्राउटच्या कल्ल्यांपर्यंत पोहोचतात, हिवाळाभर तिथे राहतात आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी तळाच्या खडीत गळून पडतात. त्यानंतर पिल्लू खडीत गाडून घेते आणि सुमारे पाच वर्षे वर येत नाही. खडीच्या फटींत गाळ बसला तर ते आतच गुदमरते, आणि हे बाहेरून कळत नाही. केंद्रातून नदीत सोडलेल्या पिल्लांचे काय झाले, हे पाहायला संवर्धकाला तेवढीच वर्षे थांबून पुन्हा त्याच पात्रात उतरावे लागते.