स्ट्रेप्टोकॉकस सुइस

स्ट्रेप्टोकॉकस सुइस हा डुकराच्या नाकात आणि टॉन्सिलमध्ये राहणारा बॅक्टेरिया. मायक्रोस्कोपखाली गोल गोल दाणे दिसतात, जोडीने नाहीतर छोट्या माळेत, आणि सुइस म्हणजे लॅटिनमध्ये 'डुकराचा', म्हणजे नावातच पत्ता. धडधाकट डुकरं तो घशात घेऊन आरामात फिरतात, पण नुकतंच दूध सुटलेलं पिल्लू असेल तर सांधे सुजतात, मेंदूला सूज येते, आणि मग ते आडवं पडून हवेतच पाय मारत राहतं.

आपल्याकडे डुकराचा आजार म्हटलं की २००९ चा पुण्यातला स्वाइन फ्लू आठवतो, पण तो व्हायरस होता आणि माणसाकडून माणसाला लागत होता. हा तसा पसरत नाही, हा लागतो तो हाताला कापलेलं असताना डुकराचं कच्चं मांस हाताळलं तर, नाहीतर कच्चं मांस किंवा रक्त पोटात गेलं तर. म्हणून पेशंट बहुतेक खाटीक, डुकरं पाळणारे, कत्तलखान्यातले कामगार.

माणसातल्या पहिल्या केसेस १९६८ मध्ये डेन्मार्कमधून रिपोर्ट झाल्या. खरा हादरा बसला २००५ च्या उन्हाळ्यात चीनच्या सिचुआनमध्ये, २०० च्या वर लोक आजारी आणि ३८ मृत्यू, आणि कारण काय तर आजारी किंवा मेलेलं डुक्कर वाया कशाला घालवायचं म्हणून शेतकऱ्यांनी घरीच कापलं. ह्या बॅक्टेरियाचे नंबर दिलेले उपप्रकार आहेत, त्यांना सीरोटाइप म्हणतात, आणि माणसाला त्रास देणारा बहुतेक वेळा सीरोटाइप २.

व्हिएतनाममध्ये तिएत कान्ह नावाचा पदार्थ आहे, ताजं कच्चं रक्त, गोठू नये म्हणून त्यात माशाचा सॉस, मग ते शिजवलेल्या मांसाच्या बारीक तुकड्यांवर ओतून थिजवायचं आणि वरून शेंगदाणे, हिरवा पाला. लाल रंग शुभ म्हणून सणालाही खातात. डुकराच्या रक्ताचं केलं की हा बॅक्टेरिया थेट ताटात. गोव्याच्या सोरपोतेलमध्येही रक्त घालतात ना, असं कुणी विचारेल, पण ते चांगलं शिजतं आणि ७० डिग्रीच्या वर नीट शिजवलं की हा मरतो.

माणसात मुख्य आजार म्हणजे मेंदूज्वर: ताप, भयंकर डोकेदुखी, मान आखडणं, कधी सेप्सिस (इन्फेक्शन रक्तातून अंगभर पसरणं) होऊन अंगावर जांभळे डाग. लॅबमध्ये कधीकधी हा दुसराच स्ट्रेप्टोकॉकस समजून रिपोर्ट जातो त्यामुळे केसेस कमी दिसतात. पेनिसिलिन, सेफ्ट्रायक्सोन असं अँटिबायोटिक वेळेत मिळालं तर पेशंट वाचतो, माणसांसाठी लस मात्र नाही. ह्याची खास खूण म्हणजे बहिरेपण, ते कधी पहिल्या एक-दोन दिवसांतच येतं आणि बऱ्याच जणांचं कायम राहतं. तापात मान आखडलेला माणूस अचानक ऐकू येत नाही म्हणाला तर त्याला कागदावर लिहून विचारावं लागतं की गेल्या आठवड्यात डुक्कर कापलं होतं का.