बेलिफ (दिवाणी कोर्ट)

दिवाणी कोर्टाचं समन्स, नोटीस किंवा वॉरंट घेऊन पक्षकाराच्या दारात जाणारा कोर्टाचा कर्मचारी. महाराष्ट्रात तो नाझरच्या (बजावणीचं काम सांभाळणारा कोर्टाचा अधिकारी) हाताखाली असतो. कागद ताब्यात घ्यायचे, नेमून दिलेल्या भागात फिरायचं आणि बजावणी झाली की नाही याचा रिपोर्ट लिहून परत करायचे, हे रोजचं काम.

पदाच्या मुळाबद्दल दोन मतं दिसतात. एक मध्ययुगीन इंग्लंडकडे जातं, तिथे शेरीफच्या हाताखाली बेलिफ असायचे (फ्रान्समधला साधारण १२व्या शतकाच्या अखेरचा बायी हा बडा अधिकारी, निवाडाही करणारा, त्याची इथे गल्लत नको). दुसरं मत मराठेशाहीतला तगादा पुढे करतं, म्हणजे देणेकऱ्याच्या दारात प्यादा बसवायचा आणि प्याद्याचा खर्च, म्हणजे मसाला, देणेकऱ्याकडूनच काढायचा. पहिलं जास्त पटतं, कारण आता प्रोसेस फी, म्हणजे बजावणीचा खर्च, समन्स काढायला लावणारा भरतो आणि बेलिफ दारात ठाण मांडून बसत नाही. नाझर मात्र आधीच्या फारसी कारभारातून आलेला.

खरी कसोटी समन्स चिकटवण्यात. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ५ प्रमाणे समन्स शक्यतो प्रतिवादीच्याच हातात द्यायचं, तो घरी नसेल आणि लवकर भेटण्यासारखा नसेल तर घरातल्या सज्ञान माणसाकडे दिलं तरी चालतं (मूळ संहितेत फक्त पुरुष होता, बाई १९७६ च्या दुरुस्तीने आली, नोकर अजूनही चालत नाही). सही करायला नकार दिला किंवा नीट शोधूनही माणूस सापडला नाही आणि घेणारंही कुणी नसलं तर नियम १७, प्रत बाहेरच्या दारावर किंवा ठळक जागी चिकटवायची, आणि रिपोर्टात कधी, का चिकटवली, घर कुणी दाखवलं, कुणासमोर चिकटवली हे नावापत्त्यासकट लिहायचं. नुसतं "घर बंद" लिहून भागत नाही, रिपोर्टासोबत शपथपत्र नसेल तर कोर्टाला बेलिफचीच शपथेवर तपासणी घ्यावी लागते, आणि प्रतिवादीच्या गैरहजेरीत झालेला एकतर्फी हुकूम पुढे रद्द करून घेताना बरेचदा रिपोर्टातल्या याच दोन ओळींवर बोट ठेवलं जातं.

वॉरंटावरच्या जप्तीला याच संहितेच्या कलम ६२ ची मर्यादा: सूर्यास्तानंतर, सूर्योदयाआधी राहत्या घरात शिरता येत नाही. कलम ६० प्रमाणे गरजेचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, कारागिराची हत्यारं जप्त होत नाहीत. ताबा देताना पंच, पंचनामा आणि विरोध असेल तर कोर्टाच्या हुकमाने पोलीस बंदोबस्त.

स्थावराच्या जप्तीचा हुकूम मिळकतीजवळ ढोल वाजवून किंवा रूढ पद्धतीने जाहीर करायची तरतूद (आदेश २१, नियम ५४) अजून आहे, इकडे समन्सला २००२ पासून कुरिअर, फॅक्स, ईमेलही चालतात.