इको अहवालातील 'ईएफ' म्हणजे काय आणि हार्ट फेल्युअरच्या उपचारांत त्याचे स्थान कोणते

इको तपासणीचा, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीचा, अहवाल हाती पडला की रुग्णाची आणि नातेवाइकांची नजर सर्वप्रथम 'एलव्हीईएफ' या ओळीवर जाते, आणि तेथे ३० टक्के असे लिहिलेले असले तर 'म्हणजे हृदय सत्तर टक्के निकामी झाले का?' हा प्रश्न आमच्या केंद्रात हमखास विचारला जातो. त्या प्रश्नामागची काळजी आम्हाला कळते. ती मात्र चुकीच्या हिशेबातून निर्माण होते, आणि तो हिशेब नीट समजावून सांगण्यासाठी हे माहितीपत्रक तयार केले आहे.

हृदयाच्या डाव्या जवनिकेत, म्हणजे सर्व शरीराला रक्त पुरवणाऱ्या खालच्या कप्प्यात, प्रत्येक ठोक्याआधी निरोगी प्रौढ माणसात साधारण १२० मिलिलिटर रक्त भरते आणि ठोक्यासरशी त्यातील सुमारे ७० मिलिलिटर बाहेर टाकले जाते. भरलेल्या रक्तापैकी बाहेर पडलेल्या रक्ताचे हे प्रमाण, येथे सुमारे ५८ टक्के, म्हणजेच इजेक्शन फ्रॅक्शन, थोडक्यात ईएफ; ते डाव्या जवनिकेचे (लेफ्ट व्हेंट्रिकल, एलव्ही) असल्याने अहवालात 'एलव्हीईएफ' असे लिहितात. निरोगी हृदयसुद्धा कधीच पूर्ण रिकामे होत नाही. ५५ ते ७० टक्के हे प्रमाण सर्वसाधारण मानले जाते. त्यामुळे ३० या आकड्याची तुलना शंभराशी करणे चुकीचे आहे. शिवाय दुबळे झालेले हृदय बहुधा ताणून मोठे होते: अशा कप्प्यात २०० मिलिलिटर रक्त भरत असेल, तर ३० टक्के प्रमाणानेही ६० मिलिलिटर रक्त बाहेर पडते. म्हणूनच ईएफ कमी असलेले काही रुग्ण घरातल्या घरात व्यवस्थित वावरताना दिसतात. या तडजोडीची किंमत मात्र हृदयाला मोजावी लागते. भिंती ताणल्या जातात, आतील दाब वाढतो आणि तो दाब मागे फुप्फुसांपर्यंत पोहोचला की धाप लागू लागते.

हा आकडा कसा काढला जातो, हेही आपण जाणून घ्यावे. रुग्णाला डाव्या कुशीवर वळवून छातीवर प्रोब ठेवला जातो आणि पडद्यावर कप्पा सर्वांत भरलेला व सर्वांत आकसलेला असताना त्याची आतील कड तपासनीस हाताने रेखाटतो. त्या रेषांवरून यंत्र आकारमान मोजते. चित्र अस्पष्ट असले, ठोके अनियमित असले किंवा रेखाटणारा हात बदलला, तर उत्तर पाच टक्क्यांच्या आसपास इकडेतिकडे होऊ शकते. त्यामुळे मागच्या वेळी ३५ आणि या वेळी ३२ आले म्हणून प्रकृती ढासळली असे समजू नये, आणि ३२ चे ३५ झाल्यावर लगेच निश्चिंतही होऊ नये. दर महिन्याला इको करण्याचीही सहसा गरज नसते, हे आम्ही येणाऱ्या प्रत्येकाला स्पष्टपणे सांगतो.

हार्ट फेल्युअर याचा अर्थ हृदय बंद पडणे असा नाही. शरीराच्या गरजेइतके रक्त पुरवणे हृदयाला जमत नाही, किंवा आतील दाब वाढल्याशिवाय जमत नाही, अशी ती अवस्था आहे. ईएफ ४० किंवा त्याहून कमी असल्यास एक प्रकार, ४१ ते ४९ असल्यास मधला प्रकार आणि ५० किंवा अधिक असल्यास तिसरा प्रकार मानतात. या तिसऱ्या प्रकाराबाबत सर्वाधिक गैरसमज आढळतो. यात कप्पा जोरात आकुंचन पावतो, पण भिंती ताठर झाल्यामुळे सैल होऊन नीट भरत नाही. हार्ट फेल्युअरच्या जवळपास निम्म्या रुग्णांत ईएफ असा चांगलाच असतो; विशेषतः वय, उच्च रक्तदाब, मधुमेह आणि स्थूलता यांच्या जोडीने हा विकार येतो. म्हणून धाप लागत असेल, पायांवर सूज असेल आणि अहवालात ६० टक्के लिहिलेले असेल, तर 'हृदय ठीक आहे' एवढ्यावर न थांबता हृदयावरचा ताण दाखवणारी एनटी-प्रोबीएनपी ही रक्ततपासणी करावी का, हे डॉक्टरांना अवश्य विचारावे.

उपचारांचे सूत्र शरीराच्याच एका चुकीच्या प्रतिसादात दडलेले आहे. रक्तपुरवठा घटला की मूत्रपिंडे मीठ व पाणी धरून ठेवतात, रक्तवाहिन्या आकसतात आणि ॲड्रेनालिनसारखी द्रव्ये हृदयाला सतत टोचणी देत राहतात. थोड्या वेळापुरती मदत करणारी ही यंत्रणा महिनोन्महिने चालली की हृदयाचा स्नायू आणखी खचतो. ही साखळी वेगवेगळ्या ठिकाणी तोडणारी चार प्रकारची औषधे ईएफ कमी असलेल्या रुग्णांत एकत्र दिली जातात: सॅक्युबिट्रिल-व्हॅल्सार्टन किंवा त्याऐवजी रॅमिप्रिलसारखे औषध, कार्व्हेडिलॉल, बिसोप्रोलॉल किंवा मेटोप्रोलॉल सक्सिनेट यांपैकी एक बीटा ब्लॉकर (ॲड्रेनालिनची टोचणी कमी करणारे औषध), स्पायरोनोलॅक्टोन किंवा एप्लेरेनोन, आणि डापाग्लिफ्लोझिन किंवा एम्पाग्लिफ्लोझिन. यातील शेवटच्या गटाबद्दल 'मला साखर नाही, मग मधुमेहाची गोळी का?' अशी शंका घेतली जाते. ही औषधे मधुमेहासाठीच आली हे खरे. परंतु २०१९ च्या डापा-एचएफ अभ्यासात मधुमेह नसलेल्या रुग्णांनाही त्यांचा तितकाच लाभ झाला, आणि ईएफ चांगला असलेल्या प्रकारातही आज हाच गट सर्वांत उपयोगी ठरतो. लघवी वाढवणाऱ्या गोळीने सूज व धाप उतरते, तरी वरील चार औषधांची जागा ती घेऊ शकत नाही.

यातील बहुतेक औषधे लहान मात्रेपासून सुरू करून वाढवली जातात. ही वाढ रेंगाळू नये. रुग्णालयातून घरी गेल्यावर दोन आठवड्यांत, वारंवार तपासणी करत, पूर्ण मात्रेपर्यंत नेलेल्या रुग्णांत पुढील सहा महिन्यांत पुन्हा भरती होण्याचे व मृत्यूचे प्रमाण कमी राहिले, असे २०२२ च्या स्ट्राँग-एचएफ अभ्यासात दिसून आले. रक्तदाब, पोटॅशियम आणि क्रिएटिनिन (मूत्रपिंडांचे काम दाखवणारा घटक) यांच्या चाचण्या त्यासाठीच सांगितल्या जातात. रॅमिप्रिलसारख्या गोळीवरून सॅक्युबिट्रिल-व्हॅल्सार्टनवर जाताना मध्ये ३६ तासांचे अंतर ठेवावेच लागते, म्हणून घरात उरलेल्या जुन्या गोळ्या वेगळ्या काढून ठेवाव्यात.

सकाळी लघवीनंतर, नाश्त्यापूर्वी, रोज एकाच काट्यावर वजन करून वहीत लिहावे. तीन दिवसांत दोन किलो वाढ झाली, तर ती चरबी नसून साठलेले पाणी असण्याचीच शक्यता अधिक. सूज दिसण्याची वाट न पाहता डॉक्टरांना कळवावे. डायक्लोफेनॅक, आयब्युप्रोफेन यांसारख्या वेदनाशामक गोळ्या शरीरात पाणी धरून ठेवतात, त्या परस्पर घेऊ नयेत. कमी सोडियमच्या मिठात बहुधा पोटॅशियम असते. स्पायरोनोलॅक्टोननेही रक्तातील पोटॅशियम वाढते, म्हणून ते चालू असताना असे मीठ विचारल्याशिवाय वापरू नये.

पुरेशा मात्रेत किमान तीन महिने औषधे घेऊनही ईएफ ३५ च्या वर गेला नाही, तर ठोक्यांची घातक लय रोखणाऱ्या आयसीडी यंत्राचा आणि ईसीजीत ठरावीक दोष असल्यास हृदयाच्या दोन्ही बाजूंचे आकुंचन एकाच वेळी घडवणाऱ्या सीआरटी पेसमेकरचा विचार केला जातो. फेरतपासणीचा इको त्यासाठी महत्त्वाचा असतो. अनेकांचा आकडा या काळात खरोखरच वर चढतो, आणि नेमक्या याच टप्प्यावर 'आता बरे झाले' असे समजून गोळ्या सोडल्या जातात. ब्रिटनमधील ट्रेड-एचएफ अभ्यासात, ईएफ पूर्ववत झालेल्या ज्या २५ रुग्णांची औषधे देखरेखीखाली थांबवण्यात आली, त्यांपैकी ११ जणांचा विकार सहा महिन्यांत परतला. औषधे चालू असलेल्यांपैकी त्या काळात एकाचाही परतला नाही. वाढलेला आकडा औषधांनी टिकवून धरलेला असतो.

पुढील इकोला येताना मागील सर्व अहवाल, वजनाची वही आणि चालू गोळ्यांची पाकिटे बरोबर आणावीत, म्हणजे नवा आकडा जुन्याशेजारी ठेवूनच आम्हाला अहवाल लिहिता येईल.