आंबोलीचं पाणी, वेंगुर्ल्याचं बंदर : एका दिवसाच्या सहलीला निघण्याआधी

नमस्कार.

सहलीसाठी नाव नोंदवलंत, की हे पत्रक आम्ही तुम्हाला देतो. फोनवर बोलताना निम्म्या गोष्टी राहून जातात आणि नेमक्या त्याच घाटात आठवतात. घरातल्या ज्येष्ठांना आणि मुलांनाही ते वाचून दाखवा.

सहल सावंतवाडीहून निघते. आधी आंबोली घाट चढायचा, मग उतरून वेंगुर्ल्याला समुद्रापर्यंत जायचं आणि रात्री आठच्या आत परत यायचं. आंबोली इथून साधारण ३० किलोमीटर वर, वेंगुर्ला तेवढंच खाली. अंतर मोठं नाही, तरी दिवस भरगच्च असतो. म्हणून सहलीत ठिकाणं मोजकीच ठेवली आहेत. एका दिवसात बारा पॉइंट दाखवणाऱ्या गाड्या घाटात रोज दिसतात. त्यातली माणसं उतरतात, फोटो काढतात, पुन्हा चढतात. आम्हाला ते जमत नाही आणि जमवायचंही नाही.

धबधबा आणि बंदर एकाच सहलीत का, असं बरेच जण विचारतात. या दोन जागा एकाच रस्त्याने बांधलेल्या आहेत. बेळगावला इंग्रजांची छावणी होती आणि छावणीचं सामान, घाटमाथ्यावरचा कापूस, धान्य हे सगळं वेंगुर्ल्याच्या बंदरातून ये-जा करायचं. त्या मालासाठी एकोणिसाव्या शतकात हा घाटरस्ता झाला. घाटमाथ्यावरचं आंबोली हे थंड हवेचं ठिकाण म्हणून वसलं तेही याच रस्त्यामुळे. आज तुम्ही ज्या वळणांवर खिडकीतून पाणी बघता, तिथून बैलगाड्यांच्या रांगा उतरत होत्या. पुढे १८८० च्या दशकात गोव्यातल्या मुरगाव बंदराला रेल्वे जोडली गेली, माल तिकडे वळला आणि वेंगुर्ला शांत होत गेलं. गावात फिरताना त्याचा निवांतपणा जाणवेल, तेव्हा ही गोष्ट आठवा.

पहाटेची वेळ

मोती तलावाच्या काठावरून गाडी सकाळी बरोबर सहाला सुटते. झोप मोडते याची कल्पना आहे. पण सातला मुख्य धबधब्यापाशी पोचलं, की तिथे फक्त पाण्याचा आवाज असतो. दहानंतर रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गाड्या उभ्या राहतात, मक्याच्या कणसांचा धूर पसरतो आणि कुणाच्या तरी गाडीतली गाणी कड्यावर आदळू लागतात. शनिवार-रविवारी तर घाटात गाडी वळवायला जागा उरत नाही. म्हणून जुलै-ऑगस्टमध्ये आम्ही शनिवार-रविवारची सहल घेतच नाही. धंद्याच्या दृष्टीने हे नुकसानीचं आहे, पण रांगेत उभं राहून धबधबा दाखवायचा तर त्याचे पैसे तुमच्याकडून कशाला घ्यायचे?

मुंबई-पुण्याहून येणाऱ्यांनी आदल्या दिवशीच सावंतवाडीत मुक्कामाला या. पावसाळ्यात कोकण रेल्वेचं वेळापत्रक बदलतं, गाड्यांचा वेग कमी केलेला असतो आणि पहाटेची गाडी कधी पोचेल याचा भरवसा देता येत नाही. आदली संध्याकाळ फुकट जाणार नाही. तलावाला एक फेरी मारा, राजवाडा बघा, चितारआळीत लाकडी खेळणी आणि गंजिफा, म्हणजे खेळायचे गोल पत्ते, रंगवणारे हात बघा. हे सगळं चालत होतं, म्हणून ते सहलीत घेतलेलं नाही.

पायात काय घालायचं

हा भाग कृपया वगळू नका. तळाला खाचा असलेले, मागे पट्टा असलेले पावसाळी बूट किंवा सँडल हवेत. रबरी सपाता चालणार नाहीत, नव्या असल्या तरीही. चार वर्षांपूर्वी आमच्या एका पाहुण्यांचा पाय धबधब्याच्या पायऱ्यांवर घसरला आणि मनगट मोडलं. त्यांच्या पायात सपाता होत्या. मी त्या गाडीत बसतानाच बघितल्या होत्या आणि उगाच वाईट वाटेल म्हणून गप्प बसलो. तो गप्पपणा मला अजून बोचतो. त्या दिवसापासून सपाता घालून आलेल्या पाहुण्यांना आम्ही पाण्याजवळ नेत नाही. गाडीत वेगवेगळ्या मापांचे पाच-सहा जोड ठेवलेले असतात, संकोच न करता मागा.

छत्री घरीच ठेवा. घाटमाथ्यावरच्या वाऱ्यात ती उलटी होते आणि शेजारच्याच्या डोळ्यात जाते. रेनकोट, टोपी, कोरड्या कपड्यांचा एक जोड आणि मोबाइलसाठी प्लॅस्टिकची पिशवी पुरे. आंबोलीत वर्षाकाठी सात हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, म्हणजे मुंबईच्या जवळजवळ तिप्पट. भिजायचं आहे हे धरूनच या.

जळवांची भीती अनेकांना असते. त्या आहेत, विशेषतः गवतातून चालताना. चावलेलं दुखत नाही, रक्त मात्र थोडा वेळ थांबत नाही. वाटाड्याजवळ मिठाची पुरचुंडी असते. जळू ओढून काढू नका, वाटाड्याला हाक मारा.

माथ्यावर

मुख्य धबधबा रस्त्याला लागूनच आहे. ज्यांचे गुडघे दुखतात त्यांना खालूनही तो पूर्ण दिसतो, पायऱ्या चढल्याच पाहिजेत असं नाही. तिथून वर गावात जाऊन गरम घावणे, चटणी आणि चहा होतो. मग हिरण्यकेशी.

हिरण्यकेशी नदी एका गुहेतून बाहेर येते आणि तिथेच महादेवाचं देऊळ आहे. इथे उभं राहिलं की आम्ही पाहुण्यांना एक गोष्ट आवर्जून सांगतो. घाटाच्या कड्यावर पडलेला पाऊस धबधब्यांतून खाली उड्या घेतो आणि ओढ्या-नद्यांतून अरबी समुद्राला मिळतो. तिथून थोडंच अंतर सोडून पडलेला हा पाऊस मात्र पूर्वेला वळतो. आजरा, गडहिंग्लज करत घटप्रभेला मिळतो, गोकाकच्या धबधब्यावरून उडी घेतो, कृष्णेत शिरतो आणि बंगालच्या उपसागरापर्यंत जातो. एकाच ढगातलं पाणी दोन समुद्रांना वाटलं जातं, ते या माथ्यावर. संध्याकाळी वेंगुर्ल्याच्या धक्क्यावर उभे राहाल तेव्हा त्यातल्या एका वाटेचं टोक तुमच्यासमोर असेल.

देवळासमोरच्या कुंडात बोटाएवढा एक मासा राहतो. २०२० साली संशोधकांनी ही नवी प्रजाती म्हणून नोंदवली आणि नदीवरूनच तिचं नाव ठेवलं, शिस्टुरा हिरण्यकेशी. २०२१ मध्ये राज्य सरकारने ही जागा जैविक वारसा स्थळ म्हणून जाहीर केली. म्हणून कुंडात पाय बुडवणं, नाणी टाकणं, माशांना कुरमुरे घालणं यांपैकी काहीही करू नका. हात जोडून, वाकून बघा. पाणी निवळ असेल तर तळाच्या खड्यांवरून सावलीसारखं काहीतरी सरकतं, तोच तो.

दुसरा रहिवासी पायाखालचा. आंबोलीच्या कातळावर एक लहान, पिवळसर पट्ट्यांचा भेक सापडतो. २००९ साली शास्त्रज्ञांनी त्याचं वेगळेपण नोंदवलं. तो या परिसराबाहेर जवळपास कुठेच नाही. पावसाच्या सुरुवातीला तो कातळावरच्या उथळ डबक्यांत अंडी घालतो. डबकं म्हणजे काय, तर तळहाताएवढा खळगा आणि त्यात बोटाचं एक पेर पाणी. मागच्या जूनमध्ये आमच्याबरोबर आलेल्या एका शाळकरी मुलीला असा खळगा दिसला. ती दहा मिनिटं उकिडवी बसून बघत होती आणि मग मागून येणाऱ्या प्रत्येकाला हात आडवा करून थांबवत होती. तुम्हीही कातळावर चालताना वाटाड्याच्या मागे, त्याच्या पावलांवर चाला. एक चुकीचं पाऊल म्हणजे एक अख्खी पिढी.

माथ्यावरच्या कावळेसाद पॉइंटला दरीतून येणारा वारा कड्यावर आपटून वर उसळतो आणि कोसळणारं पाणी परत माथ्याकडे उडवतो. पाणी खालून वर येताना अंगावर घेणं हा अनुभव शब्दात मावत नाही. पण बरेचदा धुकं इतकं दाट असतं, की हाताच्या अंतरावरचा कठडा दिसत नाही. अशा वेळी निराश होऊन गाडीत जाऊन बसू नका. पंधरा-वीस मिनिटं थांबलं की पडदा सरकावा तशी दरी उघडते आणि लगेच मिटतेही. कठड्याच्या पलीकडे मात्र कोणालाही, कोणत्याही कारणासाठी जाऊ देणार नाही. या कड्यावरून पडून माणसं गेली आहेत. फोटो आम्ही काढून देतो, अलीकडे उभे राहूनच. आणि सहलीत दारू चालत नाही. कुणी प्यायलेलं आढळलं, तर त्यांना गाडीतच बसावं लागेल आणि पैसे परत मिळणार नाहीत.

खाली, समुद्राकडे

साडेअकराला घाट उतरायला लागतो आणि दीडच्या सुमारास वेंगुर्ल्यात जेवायला बसतो. जेवण एका घरगुती खानावळीत आहे. मासळीच्या ताटाबद्दल आधीच सांगून ठेवतो : जून आणि जुलैत पावसाळी मासेमारीबंदी असते, कारण हा माशांच्या विणीचा काळ. त्या दिवसांत ताजी सुरमई मिळाली तर ती बर्फातली असणार. म्हणून आम्ही तेव्हा खाडीची मासळी, तिसऱ्या (म्हणजे शिंपल्या) किंवा सुकटाचं ताट देतो. तिरफळ घातलेला बांगडा खायचा असेल तर ऑगस्टच्या मध्यानंतर या. शाकाहारींसाठी काळ्या वाटाण्याची आमटी, अळूचं फदफदं, मिळाली तर टाकळ्याची भाजी, उकड्या तांदळाचा भात आणि सोलकढी. श्रावणात अर्धी गाडी याच ताटावर असते.

जेवण झाल्यावर काजूच्या छोट्या कारखान्यात जातो. वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्राने काजूच्या ज्या जाती काढल्या, वेंगुर्ला-४ आणि वेंगुर्ला-७, त्या कोकणभर पसरल्या आहेत. आपण मूठभर काजू सहज तोंडात टाकतो, पण तो गर टरफलातून अख्खा काढणं काय असतं ते इथे बघा. टरफलात कातडी भाजणारं तेल असतं. बायका हाताला तेल किंवा राख चोळून बसतात, एका हाताने बी पात्यांमध्ये धरायची, पायाने दांडी दाबायची, टरफल दुभंगलं की सुईने गर सोडवायचा. तुटला की भाव पडला. डब्ल्यू ३२० अशी पाटी दिसेल, म्हणजे एका पौंडात साधारण ३२० गर. आकडा जितका लहान, तितका काजू मोठा. खरेदीचा आग्रह नाही आणि त्यात आमचं कमिशनही नाही.

नंतर डच वखार. १६३७ साली, विजापूरच्या आदिलशाहीचा अंमल असताना, डच ईस्ट इंडिया कंपनीने वेंगुर्ल्यात ठाणं मांडलं. त्यांचा डोळा होता शेजारच्या गोव्यावर. त्या काळात डच जहाजं पोर्तुगीजांची कोंडी करायला गोव्यातल्या मांडवी नदीच्या मुखाशी येऊन उभी राहायची आणि त्यांना रसद, पाणी, बातम्या इथून मिळायच्या. आज वखारीची पडझड झालेली आहे, भिंतींत झाडांनी मुळं घातली आहेत. दगड सुटे असल्याने आम्ही ती बाहेरूनच दाखवतो. काहींना वाटतं, एवढं पडकं बघायला कशाला थांबलो. मला विचाराल तर सगळ्या सहलीत माझी आवडती जागा हीच. १८१२ मध्ये सावंतवाडी संस्थानाकडून हे बंदर इंग्रजांकडे गेलं, १८७६ मध्ये इथे नगरपालिका आली, मुंबईच्या बोटी धक्क्याला लागू लागल्या. आजोबा-पणजोबा ट्रंक घेऊन इथूनच मुंबईला गेले, असं सांगणारी घरं वेंगुर्ला तालुक्यात अजून खूप आहेत. तुमच्या घरात अशी एखादी आठवण असेल तर गाडीत जरूर सांगा.

पाऊस कमी असेल तर वेंगुर्ल्याच्याच मांडवी खाडीत बचत गटातल्या महिला कांदळवनाची होडीतून सफर घडवतात, तीही घेतो. वल्हवणाऱ्याही त्याच आणि माहिती सांगणाऱ्याही त्याच. सरी कोसळत असतील तर होडी बंद, आणि तो निर्णय त्यांचा. त्यावर आम्ही शब्द टाकत नाही.

शेवटी बंदराचा धक्का. जून ते सप्टेंबर समुद्र खवळलेला असतो, तेव्हा पाण्यात उतरायचं नाही, घोट्याएवढ्या पाण्यातही नाही. लाट परतताना पायाखालची वाळू ओढून नेते. काठावर बसून बघायलाही पुष्कळ आहे.

पैसे आणि बाकीचं

माणशी १,९५० रुपये, पाच ते बारा वर्षांच्या मुलांना १,२००. यात गाडी, वाटाड्या, नाश्ता, जेवण, संध्याकाळचा चहा आणि जिथे असेल तिथलं प्रवेश शुल्क आलं. होडीचे पैसे थेट त्या महिलांना द्यायचे. एका सहलीत बाराच माणसं. पाच वर्षांखालच्या मुलांना जुलैत आणू नका, घाटातली थंडी आणि ओले कपडे त्यांना झेपत नाहीत.

घाटात दरड आली किंवा हवामान खात्याने रेड अलर्ट दिला, तर सहल रद्द होते आणि सगळे पैसे परत मिळतात. तुम्ही स्वतः रद्द करत असाल तर दोन दिवस आधी कळवा.

गणपतीत आमची सहल बंद असते. आमचे चालक, वाटाडे आणि खानावळीच्या वहिनी, सगळेच आपापल्या घरी असतात. पाण्याचा जोर आणि ताजी मासळी दोन्ही हवी असेल, तर गणपती उठल्यानंतरचे सप्टेंबरचे दिवस मागून घ्या.

आदल्या रात्री आठला आमचा फोन येईल. घाटातल्या पावसाची खबर, कोण कुठे उभं राहायचं आणि तुमच्या बुटांचं माप, एवढंच विचारू.